लहान्याची जीभ कुणाकडे?

विजय तेंडुलकरांचं नाव काढलं की उल्हासनगर ते बदलापूर, आपली पोरं दोन बाजूंना फुटतात. एक म्हणतात, १९७२ साली 'गोलपिठा'ला प्रस्तावना लिहिली, माणूस आपला. दुसरे म्हणतात, १९८३ साली 'कन्यादान' लिहून दलित कवीला बायको बडवणारा केला, नाव काढू नका. दोघंही त्यांच्या पटकथांकडे बघत नाहीत. खरा हिशेब तिथं आहे.

'निशांत' (१९७५) घ्या. गाव जमीनदारावर उठतं. पण उठवतात कोण? मास्तर आणि देवळातला पुजारी. रयत नुसती गर्दी.

'मंथन' (१९७६) पुढं गेला. गुजरातच्या पाच लाख दूधवाल्या शेतकऱ्यांनी दोन-दोन रुपये घालून काढलेलं पिक्चर. शहरी डॉक्टर राव निघून जातो आणि सोसायटी उचलून धरायला वस्तीतला भोला उरतो. सुधारक गेल्यावर काम आपल्या माणसाच्या हातात, हे तेंडुलकरांनी दाखवलं. हे श्रेय त्यांना द्यायलाच पाहिजे.

मग 'आक्रोश' (१९८०). भोला बोलत होता; आदिवासी लहान्या भिकू आपल्या वकिलापुढंही तोंड उघडत नाही. गप्प बसणं खोटं नाही. ज्या कोर्टात साक्ष विकली जाते तिथं गरीब बोलेल कशाला? पण त्यामुळं सगळे शब्द भास्कर कुलकर्णी वकिलाला मिळाले. लहान्याला मिळाली शेवटची कुऱ्हाड, तीही स्वतःच्या बहिणीवर.

याच पिक्चरमध्ये सरकारी वकील दुसाने आहे. तोही आदिवासी. शिकला, कोट चढवला, तरी फोनवरून धमक्या येतातच आणि तो व्यवस्थेचीच बाजू मांडतो. अंबरनाथच्या फॅक्टरीत, ऑफिसात चिकटलेल्या आपल्या माणसांनी हा दुसाने नीट बघावा. लहान्यासाठी रडणं सोपं आहे. दुसाने आरसा दाखवतो.

'अर्धसत्य' (१९८३) मध्ये राग इन्स्पेक्टर वेलणकरच्या पोटात गेला. कथा पानवलकरांची, पटकथा तेंडुलकरांची. लॉकअपमध्ये मार खाऊन मरतो तो किरकोळ चोर. त्याच्या घरी मात्र पटकथा जात नाही.

आठ वर्षांचा हा प्रवास बघा. गाव, सोसायटी, कोर्ट, शेवटी एकट्या फौजदाराचं मन. काळ बदलला तसा लेखकाचा भरवसा आटत गेला आणि आपला माणूस कडेला सरकत गेला. 'कन्यादान'मध्ये अरुण आठवले भरपूर बोलतो, पण देवळालीकरांच्या दिवाणखान्यात. भांडण मारहाण दाखवल्याचं नाही. बायकोला मारणारे आपल्यात आहेत, ते लपवून चळवळ मोठी होत नाही. भांडण हे, की अरुणच्या घरात नाटक पाऊल टाकत नाही. त्याच नाटकाला १९९३ चा सरस्वती सन्मान मिळाला.

२००८ साली तेंडुलकर गेले. २०१३ मध्ये नागराज मंजुळेंनी 'फँड्री' स्वतः लिहिला, स्वतः काढला. जब्याचा दगड थेट बघणाऱ्याच्या तोंडावर येतो. तेंडुलकरांच्या कॅमेऱ्यानं आपल्याकडं बघितलं. इथं आपण उलटून बघतो.

पण दोस्तांनो, दगडानंतरचा डायलॉग अजून लिहायचा आहे. तेंडुलकरांकडून कारागिरी शिका, लाजू नका. शिव्या देऊन लहान्याला जीभ फुटणार नाही. वही घ्या. भोलाच्या सोसायटीचं पुढं काय झालं, दुसाने घरी जाऊन बायकोला काय म्हणाला, अरुणची आई काय म्हणते, हे लिहा. ते दुसरं कुणी लिहिणार नाही.