गाण्यातला 'मी' आणि मालिकेतला फिन

गायक-नट म्हटलं की आपल्याला बालगंधर्व, मास्टर दीनानाथ आठवतात. तिथे गाणं नटाबरोबरच रंगमंचावर येतं. आज ज्याच्याविषयी बोलायचं आहे, त्या अमेरिकेतल्या आइस-टीनं मात्र गाणं बाहेर ठेवून टीव्हीच्या पडद्यावर पाऊल टाकलं. आणि म्हणूनच त्याच्याबाबतीत एक प्रश्न हमखास विचारला जातो : हा माणूस विकला गेला का?

थोडी पार्श्वभूमी सांगतो. आइस-टी हा लॉस एंजेलिसचा रॅपर. 'राइम पेज' हा त्याचा पहिला अल्बम १९८७चा. टोळ्या, चोऱ्या, पोलिसांचा जाच हे सगळं तो 'मी' होऊन सांगायचा. १९९२ साली त्याच्या 'बॉडी काउंट' या हेवी मेटल बँडचा अल्बम आला, त्यात 'कॉप किलर' हे गाणं होतं. पोलिसी अत्याचारानं पेटलेला एक माणूस पोलिसावरच उलटतो, असं ते गाणं. त्याच सुमारास रॉडनी किंग खटल्याचा निकाल लागला, मारहाण करणाऱ्या पोलिसांना शिक्षा झाली नाही आणि लॉस एंजेलिस पेटलं. मग पोलीस संघटनांनी टाइम वॉर्नर कंपनीवर बहिष्काराची हाक दिली, उपराष्ट्राध्यक्ष डॅन क्वेल यांनी जाहीर टीका केली. शेवटी आइस-टीनं ते गाणं अल्बममधून काढून घेतलं.

आणि २००० साली हाच माणूस 'लॉ अँड ऑर्डर : स्पेशल व्हिक्टिम्स युनिट' या मालिकेत फिन टुटुओला नावाचा डिटेक्टिव्ह म्हणून दाखल झाला. काम ठरलं होतं मोजक्या भागांचं. दोन दशकं उलटून गेली, फिन अजून तिथेच आहे!

यावर विनोद करणं सोपं आहे. पण तारखा बघा. 'न्यू जॅक सिटी' या चित्रपटात त्यानं पोलिसाचं काम केलं ते १९९१ साली, म्हणजे हा अल्बम बाजारात येण्याच्या आधी. गाण्यातला 'मी' हे एक पात्र आहे, असंही तो तेव्हापासून सांगत आला आहे. त्यामुळे 'विकला गेला' हा आरोप मला टिकणारा वाटत नाही.

माझी तक्रार वेगळी आहे. नट म्हणून तो वाईट नाही. फिन कमी बोलतो, सपाट आवाजात बोलतो, आणि कुठे थांबायचं हे त्याला नेमकं कळतं. ही रॅपरचीच तालीम आहे. पण गाण्यात आपण रस्त्यावर उभे राहून पोलिसाकडे बघत होतो, आणि मालिकेत कॅमेरा पोलिसांच्या बाजूला बसलेला असतो. संशयिताशी दांडगाई झाली तरी पीडितेचा चेहरा आपल्यासमोर असतो, त्यामुळे ती आपल्याला खटकत नाही. फिन मध्येच एखादी शंका काढतो, एखादा टोमणा मारतो. पण तासाभरात प्रकरण मिटवायचं असतं, त्यात ती शंकाही मिटून जाते. गाण्याला असं काही मिटवावं लागत नाही. तिथे प्रश्न तसाच अंगावर सोडून देता येतो. आइस-टीनं टीव्हीवर जे गमावलं, ते हे.

त्याचा राग संपला का? तर नाही. 'बॉडी काउंट' चालूच आहे. 'बम-रश' या गाण्यासाठी बँडला २०२१ साली ग्रॅमीही मिळालं. म्हणजे 'गायकाचा नट झाला' हे वर्णनसुद्धा अपुरंच. तो दोन्ही कामं करतो. फक्त घराघरांत पोचतो तो फिन, आणि रस्त्यावरून बघणारा तो 'मी' मोजक्या श्रोत्यांपुरता उरतो. यात एकट्या आइस-टीला जाब विचारून भागणार नाही, कारण ही निवड आपण प्रेक्षकांनीही केलेली आहे.

तेव्हा या मालिकेचा एखादा भाग पुढे कधी पाहाल, तर फिनकडे थोडं कमी बघा आणि कॅमेरा कोणाच्या बाजूला उभा आहे, ते तपासा. एवढं बोलून थांबतो.