उभे-आडवे धागे : ॲनी आल्बर्स यांची विणकला

कलांच्या पंक्तींत विणकामाचें पान आजवर बहुधा ओसरीवर मांडलें गेलें. चित्रकारानें आणि शिल्पकारानें माजघरांत बसावें, आणि विणकरानें लागेल तें कापड पुरवून बाहेर उभें राहावें, ही रूढि युरोपांतहि होती व आपल्याकडेहि आहे. या रूढीच्या मुळाशीं एक समजूत आहे. कापडावर जें सौंदर्य दिसतें तें चित्रकाराकडून उसनें आणलेलें असतें आणि विणणारा हात तें केवळ उतरवून घेतो, अशी ती समजूत होय. ती खरी असेल, तर विणकाम ही स्वतंत्र कला नव्हे हें मुकाट्यानें मान्य केलें पाहिजे. ती खोटी आहे असें म्हणावयाचें असेल, तर कुंचल्याला जें साधणार नाहीं असें कांहीं धाग्याला साधतें, हें दाखविलें पाहिजे. विसाव्या शतकांत हें दाखविण्याचें काम ज्यांनीं निष्ठेनें केलें, त्यांत ॲनी आल्बर्स (१८९९–१९९४) यांचें स्थान फार वरचें आहे. त्यांच्या कामाचा विचार येथें याच एका प्रश्नाच्या अनुरोधानें करावयाचा आहे.

आल्बर्सबाई मागाकडे आपखुषीनें वळल्या नाहींत, ही गोष्ट आरंभींच सांगितली पाहिजे. त्या बर्लिनच्या एका सुखवस्तु घरांत जन्मल्या, आणि १९२२ सालीं वायमार येथील बाउहाउस या कलाशाळेंत दाखल झाल्या. १९१९ सालीं वाल्टर ग्रोपियस यांनीं ही शाळा स्थापिली, तेव्हां स्त्री-पुरुष असा भेद येथें पाळला जाणार नाहीं असें आश्वासन दिलें होतें. परंतु मुलींची संख्या अपेक्षेबाहेर वाढतांच चालकांचा धीर सुटला, आणि बहुतेक मुलींची पाठवणी विणकामाच्या कार्यशाळेंत होऊं लागली. आल्बर्सबाईंना कांचेचें काम शिकावयाचें होतें. तें दार त्यांना उघडलें नाहीं. दोऱ्यांचें काम त्यांना त्या वेळीं बायकी आणि दुबळें वाटलें, असें त्यांनीं पुढें स्वतःच सांगितलें आहे. त्याच कामांत त्यांनीं कीर्ति मिळविली म्हणून मूळच्या अन्यायाचें समर्थन होत नाहीं. बंद दारापाशीं सांपडलेली वस्तु सोन्याची निघाली, तरी दार बंद करणारा शहाणा ठरत नाहीं.

त्यांनीं त्या वस्तूचें सोनें कसें केलें, हें समजण्यास मागाचा स्वभाव थोडा ध्यानीं घेतला पाहिजे. मागावर प्रथम ताण्याचे उभे धागे ताणून बसवितात, आणि त्यांतून धोटा बाण्याचा आडवा धागा घेऊन जातो. प्रत्येक उभ्या धाग्यापाशीं आडव्या धाग्याला दोनच वाटा असतात : वरून जावें, किंवा खालून जावें. बहुतेक साऱ्या विणी या दोन वाटांच्या हिशेबांतून जन्मतात. चित्रकाराला वर्तुळ काढण्यास हाताचा एक फेर पुरतो. विणकराला तें पायरीपायरीनें रचावें लागतें. युरोपांतील भिंतीवर लावण्याच्या चित्रविणींनीं गेल्या कांहीं शतकांत ही अडचण लपविण्यांतच आपलें कौशल्य खर्चिलें. विणलेला वृक्ष रंगविलेल्या वृक्षासारखा दिसला, म्हणजे विणकर धन्य होई.

आल्बर्सबाईंनीं ती अडचण लपविली नाहीं. तिलाच बोलूं दिलें. १९२६ च्या सुमारास त्यांनीं विणलेल्या भिंतपटांत उभे-आडवे पट्टे व चौकोन यांखेरीज जवळजवळ कांहींच नाहीं. यांतील कांहीं पट दुहेरी किंवा तिहेरी विणीचे आहेत. अशा विणींत एकाच मागावर दोन-तीन थर एकदम विणले जातात, आणि विणकर ठरवील त्या ठिकाणीं खालचा थर वर येतो व वरचा खालीं जातो. ताणा आणि बाणा एका रंगाचे आले तर शुद्ध रंग दिसतो, भिन्न रंगांचे आले तर मिश्र. आणि तीन-चार रंगांच्या धाग्यांतून छटांची एक मालिकाच उभी राहते. हा मिश्र रंग रंगपात्रांत कालवलेला नसतो. दोन्ही धागे आपापला रंग न सोडतां शेजारीं बसतात, आणि त्यांचें मिश्रण पाहणाराच्या डोळ्यांत होतें. येथें आकृति विणीवर लादलेली नाहीं. विणीचा हिशेब हीच आकृति आहे. याला एक साक्ष अशी कीं, त्यांच्या बाउहाउसमधील कांहीं पटांचें विणकाम, त्या कार्यशाळेच्या एका काळच्या प्रमुख गुंटा श्टोल्त्स्ल यांनीं १९६० नंतरच्या दशकांत पुन्हां केलें. चित्राची फार तर नक्कल होते. हे पट मात्र, स्वरलिपीवरून गाणें पुन्हां गावें त्याप्रमाणें, पुन्हां विणतां आले.

पण भिंतपट हे झाले तरी शोभेचेच. विणीचा विचार उपयोगाला किती जवळ नेतां येतो, हें बेर्नाऊ येथील कापडांत दिसतें. हानेस मायर यांनीं तेथें कामगार-संघांच्या विद्यालयाची इमारत बांधली, तिच्या सभागृहांत आवाज घुमत असे. आल्बर्सबाईंनीं भिंतींसाठीं एक कापड तयार केलें. त्याच्या एका अंगाला सेलोफेनचा धागा होता, त्यानें प्रकाश परतविला जाई. दुसऱ्या अंगाला लवदार शेनील धागा होता, त्यांत आवाज जिरून जाई. १९३० सालीं याच कामावर त्यांना शाळेची पदविका मिळाली. या कापडाला नक्षी अशी नाहीं. तरीहि आम्ही त्याला सुंदर म्हणतों, कारण त्यांतील एकहि धागा निष्कारण आलेला नाहीं. सामान्य कारागिरानें जाड पडदा टांगला असता आणि मग त्यावर फुलें काढलीं असतीं. येथें उपयोग आणि शोभा हीं दोन निराळीं खातीं नाहींतच.

१९३३ सालीं नाझी राजवटींत बाउहाउस बंद पडलें. यहुदी कुळांत जन्मलेल्या आल्बर्सबाई त्याच वर्षीं पति योसेफ आल्बर्स यांच्यासह अमेरिकेंत गेल्या, आणि १९४९ पर्यंत नॉर्थ कॅरोलायनांतील ब्लॅक माउंटन कॉलेजांत त्यांनीं अध्यापन केलें. कमरेला पट्टा बांधून शरीराच्याच ओढीनें ताणा ताठ ठेवावयाचा, अशा अगदीं प्राचीन मागावर त्या आपल्या विद्यार्थ्यांना काम करावयास लावीत. नव्या युगाचें कापड घडविणाऱ्या बाईंचें हें मागें जाणें वरवर चमत्कारिक वाटेल. परंतु यंत्रानें जें झांकून टाकलें तें हाताला पुन्हां कळावें, हा त्यांचा हेतु होता. १९६५ सालीं प्रसिद्ध झालेला 'ऑन वीव्हिंग' हा आपला ग्रंथ त्यांनीं प्राचीन पेरूच्या विणकरांना गुरु मानून अर्पण केला आहे. ज्या समाजाला लिपि नव्हती, त्याच्या कापडानें भाषेचें काम केलें, हा विचार त्यांना विशेष प्रिय होता.

येथें एक आक्षेप निघतो, आणि तो टाळण्यासारखा नाहीं. अमेरिकेंत गेल्यावर त्यांनीं केवळ पाहण्यासाठीं लहान लहान पट विणले. त्यांत मूळ विणीवर एक जादा धागा मोकळा फिरविण्याची रीत वारंवार येते. कोणी म्हणेल, ही चित्रकलेकडे परत धांवच नव्हे काय? जादा धागा म्हणजे कुंचल्याची रेघच नव्हे काय? आक्षेपांत तथ्य आहे. कांहीं पटांत हा धागा इतका स्वैर भटकतो कीं, खालचें कापड केवळ कागदाची जागा घेतें. आणि बेर्नाऊच्या कापडाशेजारीं ते आम्हांला उणे वाटतात.

परंतु त्याच रीतीनें त्यांनीं आपली सर्वांत थोर कृति साधली आहे. न्यूयॉर्कच्या ज्यूइश म्यूझियमनें १९६५ सालीं, नाझींनीं मारलेल्या साठ लाख यहुद्यांचें स्मारक म्हणून, त्यांच्याकडे एक काम सोंपविलें. या कृतीचें नांव 'सिक्स प्रेअर्स', म्हणजे सहा प्रार्थना. पुरुषभर उंचीचे सहा अरुंद पट शेजारीं शेजारीं टांगलेले असून त्यांत सुती, तागाचे व रुपेरी धागे आहेत. त्यांवर चेहरा नाहीं, ज्वाळा नाहीं, कोणतेंहि चिन्ह नाहीं. काळे-पांढरे धागे ओळी ओळीनें वळत जातात. दूरून तें लेखन वाटतें. जवळून एकहि अक्षर लागत नाहीं. जें शब्दांत मावत नाहीं तें वाचण्याचा प्रयत्न पाहणाराचा डोळा करीत राहतो, आणि हा न संपणारा प्रयत्न हीच प्रार्थना होते. येथें भटकणारा धागा खालच्या विणीला सोडून जाऊं शकत नाहीं. प्रत्येक वळणावर ती त्याला धरून ठेवते. रंगाच्या रेघेला असें कोणी धरलेलें नसतें. शोकाला इतकें संयमाचें रूप धाग्यावांचून मिळालें नसतें, असें आमचें स्पष्ट मत आहे.

१९४९ सालीं न्यूयॉर्कच्या म्यूझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्यें आल्बर्सबाईंच्या कामाचें प्रदर्शन भरलें. एका विणकराचें स्वतंत्र प्रदर्शन भरविण्याचा त्या संग्रहालयाचा तो पहिलाच प्रसंग. इतका मान मिळूनहि १९७० च्या सुमारास त्यांनीं माग सोडला आणि त्या मुद्राचित्रांकडे वळल्या. तेंच काम धाग्यांत केलें तर लोक त्याला कारागिरी म्हणतात आणि कागदावर केलें तर कला म्हणतात, हें त्यांनीं बोलून दाखविलें आहे. हें बोलणें टीकाकारांनीं मनाला लावून घेण्यासारखें आहे. ज्या बाईंनीं विणीचें स्वातंत्र्य सिद्ध केलें, त्यांच्याहि कामाला कागदावर उतरल्यावरच निर्विवाद मान मिळावा, यांत उणेपणा धाग्याचा नसून पाहणाराचा आहे. कापड समोर आलें कीं आपण नक्षी पाहतों आणि वीण पाहत नाहीं. आल्बर्सबाईंचे पट नक्षीवर नजर ठेवून पाहिले तर थोडक्यांत संपतात. वीण पाहावयास बसलें तर मात्र विणकामाला ओसरीवरून आंत बोलवावेंच लागतें.