निळू फुले : खलनायक की नट?

निळू फुले यांची नोंद नुसती ‘खलनायक’ म्हणून करणाऱ्यांशी माझे भांडण आहे. आपल्या हिंगोली-वसमतकडे शाळेच्या स्नेहसंमेलनात एखाद्या पोराने तो घोगरा आवाज काढला, की सारा मांडव हसतो. हसावे, पण या थोर नटाची ओळख नकलेवरच संपावी काय?

पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेला, सेवादलाच्या कलापथकात घडलेला हा माणूस ‘एक गाव बारा भानगडी’ने (१९६८) पडद्यावर आला. पुढे निर्मात्यांनी त्यांच्याकडून एकाच साच्याचे पाटील-सरपंच किती काढून घेतले! पण ‘सामना’तला (१९७४) साखरसम्राट हिंदुराव पाहावा. तो ओरडत नाही. सुपारी कातरीत बोलावे तशा संथपणे दरारा बसवतो; आणि एका दारुड्या मास्तराने मारुती कांबळेविषयी विचारलेल्या प्रश्नाने आतून पोखरला जातो. ते पोखरणे फुल्यांनी केवळ डोळ्यांत दाखवले आहे.

लगेच ‘सिंहासन’ (१९७९) पाहावा. तेथे ते दिगू टिपणीस नावाचे पत्रकार आहेत. सत्तेचा सारा खेळ जवळून पाहतात, काहीच करू शकत नाहीत, आणि अखेर वेड्यासारखे हसत सुटतात. आवाज तोच, जरब मात्र औषधालाही उरलेली नाही. त्या हसण्याची नक्कल अजून कुणी केलेली मी ऐकली नाही.