पडद्यावरची ‘भटकंती’ आणि भोगवर्धनची माणसे

इतिहास आज पुस्तकापेक्षा पडद्यावरूनच अधिक घरांत शिरतो. तरीही दूरचित्रवाणीच्या निवेदकाची समीक्षा आपण गांभीर्याने करीत नाही. म्हणून मिलिंद गुणाजी यांच्या ‘भटकंती’चा विचार मला आवश्यक वाटतो.

‘फरेब’ (१९९६), ‘विरासत’ (१९९७) या हिंदी चित्रपटांतला हा नट अल्फा मराठीवर, म्हणजे नंतरच्या झी मराठीवर, गडकिल्ले आणि आडवाटा दाखवू लागला. ‘माझी मुलुखगिरी’ हे त्यांचे पुस्तकही त्याच वाटेवरचे. इतिहास पायी चालून पाहावा, ही ओढ मराठी मध्यमवर्गाला लावण्यात त्यांचा वाटा मोठा आहे. हे श्रेय नाकारण्याचे कारण नाही.

प्रश्न दृष्टीचा आहे. अशा कार्यक्रमांत निवेदक पायथ्याकडून माथ्याकडे निघतो आणि माथ्यावर राजा असतो. पायथ्याशी कोण होते? गडाच्या घेऱ्यातील मेटांवर रामोशी, महार, कोळी पहारा करीत. तासलेला चिरा पडद्यावर दिसतो. तो तासणारा पाथरवट दिसत नाही. हा एकट्या गुणाजींचा दोष नव्हे. शाळेच्या पुस्तकाने लावलेले वळण पडद्याने पुढे चालविले आहे.

मी जालना जिल्ह्यातून लिहितो आहे. इथले भोकरदन म्हणजे प्राचीन भोगवर्धन. १९७३ साली नागपूर विद्यापीठ आणि तेव्हाचे मराठवाडा विद्यापीठ यांनी तिथे उत्खनन केले. तिथली हस्तिदंती स्त्रीमूर्ती, इटलीत पाँपेई येथे १९३८ साली सापडलेल्या भारतीय मूर्तीशी नाते सांगते. पण याहून मोलाचा पुरावा सांची आणि भारहूतच्या दगडांवर आहे. स्तूपाला दान देणाऱ्या भोगवर्धनच्या माणसांची नावे तिथे गावासह कोरलेली आहेत. सांचीच्या दात्यांत भिक्षुणी आहेत, उपासिका आहेत. एका तोरणावर तर विदिशेच्या हस्तिदंत कारागिरांनी आपल्या कामाची नोंद कोरली आहे. दोन हजार वर्षांपूर्वीच्या वास्तूत कष्टकऱ्याच्या नावाला जागा होती. आजच्या पडद्यावर ती का नसावी?

गडांची भटकंती जरूर चालावी. मात्र ‘ही वास्तू कोणी जिंकली?’ याच्या आधी ‘ही कोणी बांधली, कोणी राखली?’ हे विचारले गेले पाहिजे. तसे विचारणारा निवेदक आपल्याच शाळा-महाविद्यालयांतून घडवावा लागेल. जालन्याच्या शिक्षकांनी मुलांना आधी भोकरदनच्या पांढरीवर न्यावे आणि मग सांचीवरची ती नावे त्यांच्याकडून मोठ्याने वाचून घ्यावीत.