परक्याची वाणी: ब्रिटिश अंतराळकादंबरी आणि जयंत नारळीकर

मराठी विज्ञानकथेविषयीच्या समीक्षेत एक प्रश्न पुनःपुन्हा उपस्थित केला जातो: या कथेत विज्ञान किती आणि वाङ्मय किती? प्रश्न अगदीच अप्रस्तुत आहे असे नव्हे. परंतु त्याचे उत्तर दर वेळी तराजूच्या दोन पारड्यांपाशी येऊन थांबते आणि भाषेचा विचार बाहेरच राहतो. वास्तविक परग्रहावरील जीवाची कल्पना करू पाहणाऱ्या लेखकापुढे पहिली अडचण उभी राहते ती भाषेचीच. जो माणूस नाही, ज्याला आपल्यासारखे कंठ-तालू नाहीत, ज्याच्या सृष्टीत आपल्या नामांना वाच्यार्थ उरत नाही, तो बोलणार कसा? आणि त्याचे बोलणे कादंबरीच्या भाषेत उतरणार कसे? ही अडचण लेखक कशी सोडवतो, अथवा कशी टाळतो, यावर त्याच्या परग्रहाचे परकेपण अवलंबून असते. ब्रिटिश अंतराळकादंबरीतील तीन प्रमुख कृती आणि जयंत नारळीकरांच्या दोन मराठी कादंबऱ्या या एकाच कसोटीवर घासून पाहिल्या, तर दोन्ही परंपरांमधील भेद बराच स्पष्ट होतो.

एच. जी. वेल्स यांची ‘द फर्स्ट मेन इन द मून’ ही कादंबरी १९०१ साली प्रसिद्ध झाली. गुरुत्वाकर्षण अडविणाऱ्या द्रव्याच्या साहाय्याने केव्हर आणि बेडफर्ड चंद्रावर जातात. बेडफर्ड परततो, केव्हर मागे राहतो आणि बिनतारी संदेशांतून पृथ्वीला तेथील वृत्तांत कळवू लागतो. चंद्राच्या पोटात वसलेला तो कीटकसदृश समाज माणसाची भाषा आत्मसात करण्यासाठी स्वतंत्र व्यक्तींची नेमणूक करतो. एकाने शब्दांचा अर्थ लावायचा, दुसऱ्याने ते स्मरणात साठवायचे, तिसऱ्याने चित्रे काढून दाखवायची. श्रमविभागणीवर उभ्या असलेल्या समाजाचे भाषाशिक्षणही श्रमविभागणीनेच व्हावे, हा वेल्स यांचा तर्क अचूक आहे. परंतु खरी गोम पुढेच आहे. भाषा साधल्यावर केव्हर चंद्राच्या अधिपतीशी मोकळेपणाने बोलतो आणि पृथ्वीवरील युद्धांचे वर्णन करून बसतो. त्यानंतर संदेश तुटतात. पृथ्वीच्या रहस्याचा भेद शस्त्राने होत नाही, संभाषणाने होतो. १८९८ च्या ‘द वॉर ऑफ द वर्ल्ड्‌स’ मधील मंगळवासी माणसाशी अवाक्षरही बोलत नाहीत. तेथे भय मौनाचे आहे, येथे ते संवादाचे आहे.

सी. एस. लुइस यांच्या ‘आउट ऑफ द सायलेंट प्लॅनेट’ (१९३८) या कादंबरीचा नायक रॅन्सम हा भाषाशास्त्रज्ञ आहे. त्याला बळजबरीने मंगळावर नेण्यात येते. तो अपहरणकर्त्यांच्या हातून निसटतो आणि एका अनोळखी प्राण्यासमोर येतो. प्राणी आवाज काढतो. तो आवाज म्हणजे भाषा आहे हे ध्यानी येताच रॅन्समचे भय मागे पडते आणि त्याच्या मनात मंगळीय व्याकरणाची स्वप्ने तरळू लागतात. भाषाशास्त्राच्या अभ्यासकास हा प्रसंग वाचताना स्वतःच्या व्यवसायाची गंमत वाटल्यावाचून राहत नाही! पुढे रॅन्सम शब्दांची जुळणी करीत जातो. ‘हांद्रा’ म्हणजे पृथ्वीतत्त्व, ग्रहाचे नाव ‘मलाकांद्रा’. तेव्हा समासात पूर्वपदानंतर ‘ह’ लोप पावतो, असा नियम तो मनाशी नोंदवून ठेवतो. विवेकशील असा कोणताही जीव, त्याचा देह कसाही असो, ‘हनाऊ’ या एका नामाने ओळखला जातो. मराठीत या कोटीला शब्द नाही: ‘जीव’ म्हणावे तर मुंगीही त्यात येते, ‘माणूस’ म्हणावे तर मंगळवासी बाहेर राहतो. कादंबरीत तीन भिन्न जातींचे जीव एका ग्रहावर सलोख्याने नांदतात, आणि ते शक्य का होते याचे निम्मे उत्तर या एका शब्दात आहे.

या कादंबरीचे शिखर म्हणजे वेस्टनच्या भाषणाचे भाषांतर. वेस्टन हा पदार्थवैज्ञानिक असून मानववंशाच्या विस्तारासाठी इतर ग्रह जिंकणे त्याला न्याय्य वाटते. मंगळाच्या शास्त्यापुढे तो आपली बाजू मांडतो, आणि ती मंगळीय भाषेत सांगण्याचे काम रॅन्समवर येते. वेस्टनची वाक्ये मोठी डौलदार आहेत: संस्कृती, प्रगती, जीवनाचा उच्च हक्क. पण मंगळीय भाषेत या भाववाचक नामांना प्रतिशब्दच नाहीत. प्रत्येक नामाची फोड करून ‘कोण, कोणाला, काय करतो’ हे सांगणे रॅन्समला भाग पडते, आणि फोड होताच भाषणाचे तेज ओसरते. उरते ते लूट, हत्या आणि ओझी झपाट्याने वाहून नेण्याचे कौतुक. साम्राज्यवादाची इतकी नेमकी समीक्षा एका भाषांतराच्या प्रयोगातून साधली जावी, हे या कादंबरीचे असामान्य यश होय. लुइस यांची धार्मिक भूमिका वाचकास मान्य असो वा नसो, या प्रकरणाचे बळ त्याने उणावत नाही. जाता जाता एवढे नोंदवावे की मंगळीय भाषेत ‘दुष्ट’ या अर्थाचा शब्द नसल्याने रॅन्सम ‘वाकलेला’ या शब्दावर वेळ निभावून नेतो. इंग्रजीत ही योजना थोडी ओढून आणल्यासारखी दिसते. मराठीत मात्र वाकडी नजर, वाकडे पाऊल, वाकड्यात शिरणे हे नित्याचे प्रयोग असल्यामुळे रॅन्समचे निम्मे कष्ट वाचले असते.

फ्रेड हॉयल हे स्वतः खगोलशास्त्रज्ञ. त्यांच्या ‘द ब्लॅक क्लाउड’ (१९५७) मध्ये परका म्हणजे सूर्यमालेत शिरलेला एक प्रचंड मेघ आहे आणि तो बुद्धिमान आहे. रेडिओलहरींच्या द्वारे तो इंग्रजी शिकतो. शास्त्रज्ञ त्याचे संदेश ध्वनीत रूपांतरित करतात, आणि त्यासाठी आवाज वापरला जातो तो माळ्याचा. विश्वातील वयोवृद्ध बुद्धी ग्रामीण इंग्रज माळ्याच्या हेलात बोलते. हा विनोद वाटतो खरा, परंतु त्यात खोल अर्थ भरलेला आहे: परक्याला आपण आवाज देतो तेव्हा तो कोणत्या तरी स्थळाचा, कोणत्या तरी वर्गाचा आवाज असतो, निर्विकार आवाज अस्तित्वातच नसतो. पुढे मेघाचे ज्ञान थेट ग्रहण करण्याचा प्रयत्न दोघे शास्त्रज्ञ करतात आणि दोघेही प्राणास मुकतात. मानवी मेंदूत आधीच रुजलेल्या धारणा आणि मेघाचे ज्ञान यांचा मेळ बसत नाही. शब्दांचे भाषांतर झाले. ज्ञानाचे होऊ शकले नाही.

हॉयल यांच्यापासून मराठीकडे येणारी वाट सरळ आहे. जयंत विष्णु नारळीकर (१९३८-२०२५) यांनी केंब्रिज येथे हॉयल यांच्याच मार्गदर्शनाखाली १९६३ साली डॉक्टरेट मिळविली, आणि विज्ञानकथेची प्रेरणाही त्यांच्याकडून मिळाल्याचे नमूद केले आहे. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठी त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा नारायण विनायक जगताप या टोपणनावाने पाठविली. स्वतःच्या आद्याक्षरांचा क्रम उलटा करून साधलेले हे नाव होते. नामकरणाची ही हौस पुढे त्यांच्या साहित्यात सर्वत्र दिसते. ‘यक्षांची देणगी’, ‘अंतराळातील भस्मासुर’, ‘प्रेषित’, ‘वामन परत न आला’: शीर्षकांची ही यादीच बोलकी आहे. आकाशातून जो कोणी येईल त्याच्यासाठी पुराणात अथवा धर्मपरंपरेत नाव तयार आहे.

‘प्रेषित’ (१९८३) मध्ये परग्रहाने पृथ्वीवर पाठविलेला जीव माणसांतच लहानाचा मोठा होतो. कथानकाची ही युक्ती चतुर आहे, परंतु तिचा भाषिक परिणाम असा की परक्याची मातृभाषा माणसाचीच ठरते. केव्हर, रॅन्सम आणि हॉयल यांचे शास्त्रज्ञ ज्या उंबरठ्यावर अडखळतात, तो उंबरठाच येथे काढून टाकलेला आहे. दूताला निरोप समजावा लागतो; त्याला भाषा शिकावी लागत नाही.

‘वामन परत न आला’ (१९८६) ही अधिक समर्थ कृती होय. तिच्या शेजारी हॉयल आणि जॉन एलियट यांची ‘ए फॉर अँड्रोमेडा’ (१९६२) ठेवून पाहण्याजोगी आहे. तेथे ताऱ्यांकडून आलेला संदेश म्हणजे एका गणकयंत्राचा आराखडा असतो आणि ते यंत्र पुढे सजीव घडवून घेते. नारळीकरांकडे संदेश भूगर्भातून निघतो: उत्खननात सापडलेली, एका लुप्त प्रगत संस्कृतीने पुरून ठेवलेली पेटी. तिच्यातील ज्ञानातून बुद्धिमान यंत्रमानव निर्माण होतो आणि तो स्वतःच्या प्रतिकृती घडवू पाहतो. परकेपण अवकाशाचे न राहता काळाचे होते, हा बदल केवळ अनुकरणाने सुचणारा नव्हे. पेटीचा अर्थ लावण्याचे काम काही काळ चालते आणि तेवढ्यापुरते वाचकाला लिपीपुढे उभ्या असलेल्या संशोधकाचे कुतूहल अनुभवता येते. मग यंत्रमानवाला ‘वामन’ हे नाव मिळते, आणि अर्थ लावण्याचे उरलेले काम ते नाव परस्पर उरकून टाकते. लहान मूर्ती, तीन पावले, सर्वस्वाचा ग्रास: पुढे काय होणार हे वाचकाला नावानेच सांगितलेले असते.

यावर असा आक्षेप घेतला जाईल की नारळीकरांचा हेतू विज्ञानप्रसाराचा होता, आणि अपरिचित कल्पना परिचित नावाने सांगणे हा लोकशिक्षकाचा धर्मच आहे. आक्षेप योग्य आहे, आणि ‘उजव्या सोंडेचा गणपती’ ही कथा त्याची साक्ष देते. तीत क्रिकेटपटू आरशातील प्रतिमेसारखा उलटा होऊन डावखुरा बनतो, आणि या उलटापालटीची खूण मराठी घरात सर्वांना ठाऊक असलेल्या मूर्तीच्या सोंडेवर दिसते. भूमितीची एक दुर्घट कल्पना इतक्या नेमक्या वस्तूत सामावते, हे खरे कौशल्य. मराठीतील खगोलीय परिभाषाही याच मार्गाने घडली आहे. लांबट जलाशय या अर्थाची ‘दीर्घिका’ तारकांचा महासमूह दाखवू लागली. भागवतात पाताळांसाठी येणारे ‘विवर’ आकाशात गेले. विझत चाललेल्या लहान ताऱ्याला ‘श्वेतबटू’ म्हणतात, आणि बटू म्हणजे पुन्हा वामनच. परिभाषेत हे जुने अर्थ हळूहळू झिजतात आणि संज्ञा स्वच्छ होते. कादंबरीत ते झिजत नाहीत, उलट जागे होतात. म्हणून शास्त्रज्ञाला जे नाव सोयीचे, ते कादंबरीकारालाही सोयीचे असेलच असे नाही.

शिवाय वामन हे नाव मराठीत एकार्थी राहिलेलेच नाही. भाविकाला तो अवतार. परंतु बलिप्रतिपदेला ओवाळताना ज्याचे राज्य यावे अशी कामना केली जाते तो राजा बळी आहे, वामन नव्हे. जोतीराव फुले यांनी १८७३ च्या ‘गुलामगिरी’त अवतारांची मालिका म्हणजे बाहेरून आलेल्या आक्रमकांच्या टोळ्यांची मालिका, असा अर्थ लावला. वेल्स यांच्या मंगळवासीयांच्या पंचवीस वर्षे आधी एका मराठी लेखकाने आकाशातून उतरणाऱ्याकडे जित लोकांच्या डोळ्यांनी पाहिले होते! नारळीकरांच्या कादंबरीला हा वारसा नावातच फुकट मिळाला होता. तिने तो हाताळला नाही. तिचा संघर्ष यंत्राची क्षमता आणि माणसाची सावधगिरी यांच्याभोवतीच फिरतो. बळी कोण, हा प्रश्न तिला पडत नाही. पडता, तर मराठीतील पहिल्या प्रतीच्या कादंबऱ्यांत तिची गणना निःशंकपणे करता आली असती.

अंतराळाचा अनुभव मराठी समाजाला नाही, म्हणून पुराणाचा आधार अपरिहार्य ठरतो, असेही म्हटले जाईल. परंतु परके यंत्र उतरण्यासाठी आकाशच लागते असे नाही. पालघर जिल्ह्याच्या किनाऱ्यावर तारापूर येथे १९६९ साली देशातील पहिले अणुविद्युत केंद्र सुरू झाले. २००५-०६ मध्ये तेथे प्रत्येकी ५४० मेगावॅटच्या आणखी दोन अणुभट्ट्या कार्यान्वित झाल्या आणि त्यांच्यासाठी पोफरण व अक्करपट्टी या गावांना आपली जागा सोडावी लागली. बोईसर-बेटेगावच्या पट्ट्यात वारली, मांगेली, वाडवळी या बोली औद्योगिक वसाहतीच्या भाषेशी रोज शेजार करतात. या शेजारात यक्ष आणि भस्मासुर कामी येत नाहीत. प्लांट, शिफ्ट, कॉलनी हे शब्द आहेत तसे उचलले जातात, आणि ‘अणुभट्टी’ या शब्दात विटांची व चुन्याची भट्टी शाबूत राहते. दुसऱ्या बाजूने कागदोपत्री मराठी येते: विकास, संपादन, प्रकल्पबाधित, पुनर्वसन. सगळी भाववाचक अथवा साधित नामे, आणि कर्ता एकातही नाही. ‘प्रकल्पबाधित’ हा शब्द मांगेलीत सांगायचा तर कोणी, कोणाला, कशासाठी उठविले हे क्रियापदांनीच सांगावे लागेल. मलाकांद्राच्या सभेत रॅन्समवर नेमकी हीच पाळी आली होती.