चिंधी, नागी आणि धडगावची सासू

स्मिता पाटील आमची, असं खानदेशात कुणीही छातीठोकपणे सांगतो. जन्म पुण्याचा, 17 ऑक्टोबर 1955 चा; पण वडील शिवाजीराव पाटील शिरपूरचे. राष्ट्र सेवा दल, समाजवादी चळवळ, पुढे मंत्रिपद अशी त्यांची वाट. आई विद्याताई परिचारिका आणि तितक्याच हाडाच्या कार्यकर्त्या. शिरपूर तालुका संपला की शहादा तालुका सुरू होतो, आणि 1 जुलै 1998 पर्यंत आमचा नंदुरबार हा धुळे जिल्ह्याचाच भाग होता. म्हणजे स्मिता गेली (13 डिसेंबर 1986, वय अवघं 31) तेव्हा ती कागदोपत्रीही आमच्याच जिल्ह्याची लेक होती. हा अभिमान खोटा नाही. पण या अभिमानाआड एक मोठी उणीव दडून बसली आहे, आणि स्मितावर इतकं लिहून झालं तरी तिकडे कुणी फारसं बघत नाही.

दूरदर्शनवर बातम्या वाचताना जीन्सवर साडी गुंडाळण्याची गोष्ट आता इतक्या वेळा सांगून झाली आहे की ती बाजूला ठेवू. कारकीर्दही थोडक्यात सांगता येते: अरुण खोपकरांची फिल्म इन्स्टिट्यूटमधली ‘तीव्र मध्यम’, मग श्याम बेनेगल, ‘भूमिका’ आणि ‘चक्र’साठी दोनदा राष्ट्रीय पुरस्कार, मृणाल सेन, सत्यजित राय, अरविंदन यांच्याकडे कामं, मध्येच ‘नमक हलाल’ आणि ‘शक्ती’, 1985 मध्ये पद्मश्री. एवढं सगळं दहा-बारा वर्षांत. मला बोलायचंय ते यातल्या एकाच धाग्याबद्दल. ही मुलगी पडद्यावर सारखी कष्टकरी, दलित, आदिवासी बाई होत राहिली. जिथे निम्म्याहून खूप जास्त, जवळपास 70 टक्के लोकसंख्या आदिवासी आहे, अशा जिल्ह्यातून या भूमिका पाहिल्या तर काय दिसतं?

पहिली गोष्ट दिसते ती शरीर. ‘मंथन’मधली बिंदू (1976) दुभत्या म्हशीजवळ ज्या सहजतेने वावरते, उकिडवी बसते, गावात आलेल्या डॉक्टर रावांशी बोलताना पदर सावरायचा की नाही याचा विचारही न करता त्यांच्याकडे थेट बघते, ते आमच्याकडच्या बायकांना लगेच ओळखू येतं. शहरी नटी उकिडवी बसली की तिच्या गुडघ्यांना ते कळतं. बसणं तिला सोसत नाही. स्मिताचे गुडघे कधी चुगली करत नाहीत. त्याच बिंदूला शेवटी नवरा एका कागदावर अंगठा उठवायला लावतो, रावांवर बालंट आणणाऱ्या. अंगठा उठवताना तिचा चेहरा रडवेला होत नाही, तो बंद होतो. दार लोटून घ्यावं तसा. सावकाराच्या वहीवर आणि वनखात्याच्या कागदावर पिढ्यान्‌पिढ्या अंगठे उठवलेल्या मुलखात हा बंद झालेला चेहरा कुणाला समजावून सांगावा लागत नाही.

‘मिर्च मसाला’त (1987, तिच्या मृत्यूनंतर आलेला) नदीवर पाणी भरताना घोडे घेऊन आलेल्या सुभेदाराला ती सुनावते, जनावरांची पाणी प्यायची जागा पलीकडे आहे. आवाज चढवत नाही. सगळ्या बायका पळालेल्या, ही एकटी उभी, आणि वजन एका पायावर. मला तो शॉट शेवटच्या मिरचीपुडीच्या धुरळ्यापेक्षा मोठा वाटतो. शेवटी दिग्दर्शकाने तिला प्रतीक करून टाकलं आहे; नदीवर मात्र ती नुसती पाण्याला आलेली बाई आहे.

आता आदिवासी भूमिका. दोन ठळक, आणि दोन्ही दोन टोकांच्या.

‘जैत रे जैत’ (1977). गो. नी. दांडेकरांची कादंबरी, जब्बार पटेलांचं दिग्दर्शन, ना. धों. महानोरांची गाणी, हृदयनाथांचं संगीत. ठाकरांचा डोंगर, मधमाश्यांवर सूड घ्यायला निघालेला नाग्या, आणि नवऱ्याला सोडून त्याच्यामागे आलेली चिंधी. मराठी सिनेमात इतकं सुंदर फार थोडं आहे. स्मिताने चिंधीला चाल दिली आहे. पायवाट पाठ असलेल्या माणसासारखी ती खाली न बघता चालते. पण सिनेमा तिला गाण्यात न्हाऊ घालतो. नवऱ्याला सोडून येणं हा तिथे प्रेमाचा उत्सव होतो. सातपुड्यात बसून हा सिनेमा पाहणारा माणूस वेगळंच विचारील: देजाचं काय झालं? आमच्या भिल्ल-पावरांमध्ये मुलीच्या बापाला देज द्यावं लागतं, बाई नवरा सोडते तेव्हा ते परत करण्यावरून पंच बसतात, दोन दोन दिवस बोलणी चालतात, भांडणं होतात, आणि त्यात ती बाईही कधी कधी चांगली खणखणीत बोलते. तिच्या मोकळेपणाला हिशेब असतो, व्यवहार असतो. तो काढून घेतला की चिंधी रानफूल होते. लोभस, पण रानफूल.

‘आक्रोश’ (1980) याच्या उलट. गोविंद निहलानींचा पहिला चित्रपट, तेंडुलकरांची पटकथा. इथे गाण्याचा उत्सव नाही, नुसता अन्याय. लहान्या भिकूवर बायकोच्या खुनाचा खटला, आणि खरा प्रकार असा की गावातल्या बड्या मंडळींनीच तिची अब्रू घेऊन तिला मारलेलं. ती बायको, नागी, म्हणजे स्मिता. (सरकारी वकील आदिवासी समाजातून वर आलेला, आणि त्याचं नाव दुसाने. या आडनावाची माणसं आमच्याकडे पुष्कळ, त्यामुळे इकडच्या प्रेक्षकाला पहिल्यांदा ते नाव ऐकताना जरा गंमत वाटते.) लहान्या झालेल्या ओम पुरींचं मौन गाजलं, त्यावर लेख आले, ते व्हायलाच हवं होतं. पण नागीचं मौन? ते आठवणींच्या तुकड्यांत येतं आणि जातं. लहान्या बोलत नाही, कारण त्याने न बोलायचं ठरवलं आहे. नागी बोलत नाही, कारण पटकथेत तिला बोलायला जागाच नाही. या दोन मौनांतला फरक समीक्षेने पुरेसा पाहिला नाही. स्मिताने त्या थोड्या वेळात एक गोष्ट साधली: पोर कडेवर असताना मागे वळून बघणारी बाई नुसती बळी वाटत नाही, तिला काहीतरी कळलेलं असतं. पण ते काय, हे सिनेमा तिला विचारत नाही.

त्याआधीच्या दशकात शहाद्याच्या पट्ट्यात खऱ्या बायका काय करत होत्या? अंबरसिंग महाराजांनी जमिनी परत मिळवण्यासाठी माणसं उभी केली होती, 1972 मध्ये श्रमिक संघटना सुरू झाली होती. मजुरी आणि जमीन यांवरच्या लढ्यात आदिवासी बायका पुढे आल्या, आणि थोड्याच दिवसांत त्यांनी विषय स्वतःच वाढवला. पाड्यापाड्यात जाऊन दारूची मडकी फोडली, बायकोला मारणाऱ्या नवऱ्याला लोकांसमोर उभं केलं. मारिया मीस या जर्मन समाजशास्त्रज्ञ बाईंनी त्यावर लिहिलं, देशाबाहेरच्या स्त्रीचळवळीतही शहाद्याचं नाव गेलं. म्हणजे 1973 साली आमच्याकडची भिल्ल बाई जाहीर सभेत बोलत होती, आणि 1980 साली पडद्यावरची आदिवासी बाई गप्प होती. कला जगण्याच्या मागे राहते हे ठीक. इथे ती उलट्या दिशेला गेली होती.

याच चळवळीतून आलेले वाहरू सोनवणे यांची ‘स्टेज’ नावाची कविता आता बऱ्याच भाषांत पोचली आहे. ‘गोधड’ संग्रहातली. व्यासपीठावर बसून आमचं दुःख आम्हालाच सांगणाऱ्यांबद्दलची ती आहे. ती वाचून स्मिताच्या आदिवासी भूमिका पाहिल्या की अस्वस्थ व्हायला होतं. दोष तिचा नाही. उलट मी म्हणेन की ती इतकी चांगली होती म्हणूनच हा प्रश्न चाळीस वर्षं कुणाला पडला नाही. दुसरी कुणी कमअस्सल नटी चिंधी झाली असती तर ‘अरे, ठाकराचीच पोर का नाही घेतली?’ असं कुणीतरी विचारलं असतं. स्मिताने तो प्रश्न आपल्या ताकदीने झाकून टाकला. प्रतिनिधित्व इतकं अस्सल की ज्याचं प्रतिनिधित्व करायचं त्याची गरजच उरू नये!

आणि पडदा कष्टकरी बाईचं काय करतो हे तिला स्वतःला ठाऊक होतं. ‘चक्र’मध्ये झोपडपट्टीतली बाई उघड्यावर आंघोळ करते तो प्रसंग तिने केला, कारण झोपडपट्टीत आंघोळ उघड्यावरच होते. मग तेच दृश्य होर्डिंगवर चढवून सिनेमा विकला गेला. तिने त्याबद्दलची नाराजी जाहीरपणे बोलून दाखवली होती.

आदिवासीची भूमिका कुणी करायची, या प्रश्नाची तैवानमध्ये एक वेगळी तड लावलेली दिसते. व्हिव्हियन शू ही तिकडची नटी आणि गायिका, जपानमध्येही गाजलेली, प्रतिमा सगळी झगमगाटाची. पण तिची आई अतायाळ या आदिवासी जमातीची. 2011 मध्ये वेई ते-शेंग यांनी ‘सिडिक बाले’ काढला, जपानी राजवटीविरुद्ध 1930 मध्ये वूशे इथे सिडिक आदिवासींनी केलेल्या उठावावर. बरेचसे संवाद सिडिक भाषेत. मुख्य भूमिका एका आदिवासी पाद्र्याने केली, ज्याने आधी कधी सिनेमात काम केलं नव्हतं. व्हिव्हियन त्यात एका सिडिक बाईच्या भूमिकेत आहे. चित्रपट शेवटी पुरुषांच्या लढाईचाच आहे, बायकांच्या वाट्याला त्यात रडणं आणि मरणं जास्त येतं. तेव्हा फार हुरळून जायला नको. पण एवढ्या मोठ्या खर्चाचा सिनेमा मूठभर लोकांच्या भाषेत निघतो आणि लोक तिकीट काढून सबटायटल वाचत तो बघतात, हे घडलं. आपल्याकडे भिलीत बोलणारा मोठा सिनेमा अजून कुणाच्या स्वप्नातही नाही. अहिराणीचीही तीच गत. स्मिताच्या महत्त्वाच्या भूमिकांत बापाच्या गावची ही बोली कुठे नाही. ‘उंबरठा’तली (1982) सुलभा महाजन स्वच्छ प्रमाण मराठी बोलते, आणि तिचं ते सगळ्यात मोठं मराठी काम आहे याबद्दल दुमत नाही. रिंकू राजगुरू 2016 मध्ये ‘सैराट’मध्ये अकलूजची बोली तशीच्या तशी घेऊन आली तेव्हा कुठे मराठी प्रेक्षकाला कळलं, की नायिकेची भाषा सुधारून घ्यावी लागत नाही.

मग आज आमच्या जिल्ह्यात अभिनयाची स्थिती काय? जुनी परंपरा सोंगाड्या पार्टीची. रात्रभर चालणारं, चावट, हजरजबाबी, गावच्या पुढाऱ्यापासून तलाठ्यापर्यंत कुणाचीही टोपी उडवणारं लोकनाट्य. त्यात बाई पुरुषच करतो, आणि काही जण ती अशी करतात की खरी बाई लाजावी. होळीला काठी गावी जा, बुध्या आणि मोरखी होऊन नाचणारेही पुरुषच. आता तिथे भक्तांपेक्षा कॅमेरे जास्त असतात, आणि त्या कॅमेऱ्यांत चांदीने मढलेल्या मुलींचे फोटो सगळ्यात जास्त. नर्मदेकाठच्या बुडितावर माहितीपट झाले. आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांच्या 1995 च्या ‘नर्मदा डायरी’त मणिबेली आहे, सरदार सरोवरात गेलेली महाराष्ट्राची 33 गावं सगळी याच जिल्ह्यातली. माहितीपटात निदान माणसं स्वतःच्या तोंडाने बोलली. पण तो अभिनय नव्हे, ती साक्ष. साक्षीत बाईला दुःखच सांगावं लागतं, तिला थट्टा करायची मुभा नसते.

शेजारच्या मालेगावात हौशी सिनेमाने नाव काढलं, पण तिथे गावातल्या मुली पडद्यावर येत नाहीत म्हणून नायिका बाहेरून आणावी लागे. अहिराणी गाण्यांना आता बरे दिवस आलेत. ‘हाई झुमकावाली पोर’ तर पार कोकणातल्या लग्नांतही वाजलं. त्या पाठोपाठ भिली, पावरी, मावची गाण्यांचे व्हिडिओ ढिगाने येतात. बहुतेकांचा साचा एकच: मोटारसायकल, शेताचा बांध, गॉगल घातलेला पोरगा, आणि लाजत हसणारी मुलगी. ती नाचते, ओठ हलवते, गाणं संपतं. स्वस्त कॅमेरा आला, यूट्यूब आलं, आणि नागीला जागा मिळाली ती नाचायला.

याला अपवाद आहेत ते विनोदी छोट्या नाटुकल्या. ज्यांना कुणी सिनेमा म्हणत नाही आणि ज्यांची परीक्षणं कुठे छापून येत नाहीत. पावरीतल्या एकीत धडगावकडची एक प्रौढ बाई सासू झाली आहे. जावई आलाय, त्याला चहा द्यायचाय, घरात साखर नाही, आणि तो नुकताच सुरतेहून आलेला असल्याने तोऱ्यात आहे. बाई चूल फुंकता फुंकता त्याच्या पँटवर बोलते, त्याच्या पगारावर बोलते, मग त्याच्या बापाने देजात राखलेल्या बाकीवर येते. कॅमेरा मधेच तिच्यावरून निघून कोंबडीकडे जातो, ही बोलतच राहते. आवाज वाऱ्यात अर्धा गेलेला, एडिटिंग भयंकर, मागे पोरं हसताना ऐकू येतात. पण जावयाने उत्तर दिल्यावर ती क्षणभर फुंकणी खाली ठेवते, त्याच्याकडे बघते, आणि काही न बोलता पुन्हा फुंकणी उचलते. हा विराम कुणी शिकवलेला नाही. त्या एका व्हिडिओत बाईला जेवढी वाक्यं आहेत तेवढी अख्ख्या ‘आक्रोश’मध्ये नागीला नाहीत, आणि त्यातलं एकही रडगाण्याचं नाही.