‘इंटरट्रॅपियन’ म्हणजे काय आणि काय नव्हे

भूशास्त्रातील काही शब्द असे आहेत की ते पाठ्यपुस्तकांत, मार्गदर्शिकांत आणि प्रश्नपत्रिकांत वर्षानुवर्षे फिरत राहतात, पण त्यांचा अर्थ विचारला की शिकवणारा आणि शिकणारा दोघेही गप्प होतात. ‘इंटरट्रॅपियन’ हा त्यांपैकी एक. मराठीत तो कधी ‘अंतर्ट्रॅप’, कधी ‘आंतरट्रॅपी’, तर कधी ‘ट्रॅपान्तर्गत’ अशा वेषात भेटतो. मुंबईतील शिक्षकांनी तरी या शब्दाकडे नीट पाहावे असे आम्हांला वाटते. कारण हे नाव ज्या थरांना दिले जाते, त्यांचे एक जुने आणि प्रसिद्ध ठिकाण दादर-परळपासून हाकेच्या अंतरावर, वरळीला आहे.

आधी ‘ट्रॅप’ पाहू. हा शब्द स्वीडिश भाषेतील ‘ट्राप्पा’, म्हणजे जिना, यावरून आला. अठराव्या शतकात युरोपातील खनिजशास्त्रज्ञ पायऱ्यापायऱ्यांनी झिजणाऱ्या काळ्या कठीण खडकांना हे नाव देत. भारतात १८३० च्या दशकात कर्नल साइक्स यांनी दख्खनच्या भूरचनेवर लिहिले तेव्हा त्यांनीही हाच शब्द वापरला आणि पुढे ‘डेक्कन ट्रॅप’ हे नाव रूढ झाले. सह्याद्रीपुरते ते योग्यही आहे. लाव्हाच्या प्रत्येक थराचा गाभा घट्ट असतो, तर वरचा भाग वायूंच्या बुडबुड्यांमुळे सच्छिद्र व ठिसूळ असतो. दोन थरांमध्ये पुष्कळदा तांबड्या, भाजल्यासारख्या मातीचा पट्टाही असतो. ठिसूळ भाग लवकर झिजतो, घट्ट भाग कड्यासारखा उभा राहतो आणि डोंगराला पायऱ्या पडतात.

अडचण पुढेच आहे. ‘ट्रॅप’ हे वर्णन होते. ते खडकाचे नाव होऊन बसले. आज ‘ट्रॅप हा एक अग्निजन्य खडक आहे’ असे वाक्य आपल्या वहीत सहज सापडते. हे वाक्य चुकीचे आहे. खडक बेसाल्ट असतो, ट्रॅकाइट असतो, ऱ्हायोलाइट असतो. ‘ट्रॅप’ नावाचा खडक प्रयोगशाळेत कोणी ओळखून दाखवू शकणार नाही. शंका असेल त्यांनी विद्यार्थ्यांना घेऊन दक्षिण मुंबईतील छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयाच्या बाहेर उभे राहावे. त्या इमारतीत कुर्ल्याचा करडा दगड आणि मालाडचा पिवळसर दगड असे दोन्ही वापरले आहेत. पहिला बेसाल्ट, दुसरा ट्रॅकाइट. दोन्ही दख्खनच्या ज्वालामुखी घडामोडींतूनच निर्माण झालेले, म्हणून जुन्या पुस्तकांप्रमाणे दोन्ही ‘ट्रॅप’. पण रंग वेगळा, सिलिकाचे प्रमाण वेगळे, ज्या शिलारसातून ते बनले तोही वेगळा. एका शब्दाने दोघांना झाकले की विद्यार्थ्याला समोरची भिंतही दिसेनाशी होते.

‘पायऱ्यांसारखा म्हणून ट्रॅप’ ही व्युत्पत्ती सांगून शिक्षक पुढे जातात, तेव्हा मुंबईच्या मुलांची आणखी एक गैरसोय होते. मुंबईतील लाव्हाचे थर सह्याद्रीतल्यासारखे आडवे नाहीत. ते पश्चिमेकडे, समुद्राच्या बाजूला कललेले आहेत. मलबार हिल आणि वरळी यांच्या टेकड्या म्हणजे अशाच कललेल्या थरांचे उंच राहिलेले भाग. गिरगाव चौपाटीवर उभे राहून पाहणाऱ्या मुलाला जिना कुठेच दिसत नाही आणि मग त्याला वाटते की भूशास्त्र लोणावळ्यापासून सुरू होते. आपल्या पायाखाली काय आहे हा प्रश्नच त्याला पडत नाही.

इंग्रजीत ‘ट्रॅप’चा अर्थ सापळाही होतो आणि त्यातून निराळाच घोटाळा उद्‌भवतो. तेलाच्या भूशास्त्रात ‘ट्रॅप’ खरोखरच सापळ्याच्या अर्थाने येतो : तेल वर सरकत असता ज्या रचनेत ते अडकून पडते, ती रचना. १९७४ मध्ये मुंबई हाय येथे तेल मिळाले, ते मुख्यतः चुनखडीच्या थरांत अशाच सापळ्यात साठलेले. आणि मुंबईच्या समुद्रात या गाळाच्या खडकांखाली पुष्कळ ठिकाणी दख्खनचा बेसाल्ट आहे. म्हणजे एका ‘ट्रॅप’वर दुसरा ‘ट्रॅप’! दोन अर्थ वेगळे सांगितले नाहीत, तर लाव्हात तेल सापडते असा समज करून घेणाऱ्या विद्यार्थ्याला दोष देता येणार नाही.

आता मूळ शब्दाकडे येऊ. ‘इंटरट्रॅपियन’ म्हणजे लाव्हाच्या दोन थरांच्या मधला, गाळाचा थर. ज्वालामुखीचे उद्रेक अखंड चालत नव्हते. एक लोट थंड झाला, त्यावर पाणी साठले, माती आली, झाडे वाढली, प्राणी राहू लागले आणि काही काळाने नव्या लाव्हाने ते सगळे झाकून टाकले. मधल्या विश्रांतीच्या काळाची नोंद म्हणजे हा थर. इतका साधा अर्थ आहे.

मराठी प्रतिशब्दांनी मात्र तो अवघड केला. ‘अंतर्’ म्हणजे आत आणि ‘आंतर’ म्हणजे दोहोंमध्ये. अंतर्गत आणि आंतरराष्ट्रीय या शब्दांतला हा भेद आपण रोज पाळतो. ‘ट्रॅपान्तर्गत’ म्हटले की थर लाव्हाच्या पोटात आहे असा अर्थ निघतो. त्यात भर म्हणजे ‘इन्फ्राट्रॅपियन’ नावाचे वेगळेच थर आहेत. ते सर्व लाव्हांच्या खाली, म्हणजे उद्रेकांच्या आधीचे. जबलपूरचे आणि चंद्रपूर जिल्ह्यातील पिसदुऱ्याचे, डायनोसॉरच्या अवशेषांसाठी प्रसिद्ध असलेले लामेटा थर या वर्गात मोडतात. घाईत लिहिलेल्या टिपणांत ‘इंटर’ आणि ‘इन्फ्रा’ यांची अदलाबदल होते, दोघांनाही ‘अंतर्’ लागतो आणि पिसदुऱ्याचा डायनोसॉर वरळीच्या तळ्यात येऊन पडतो. एका उपसर्गाची ही किंमत आहे.

याहून गंभीर चूक म्हणजे ‘इंटरट्रॅपियन’ हा काळ समजणे. ‘इंटरट्रॅपियन काळात बेडूक होते’ अशा वाक्यरचना आम्ही अनेकदा वाचल्या आहेत. हा शब्द फक्त स्थान सांगतो, वय सांगत नाही. इमारतीत ‘दोन मजल्यांमधली जागा’ म्हटल्याने ती पहिल्या-दुसऱ्यामधली की नवव्या-दहाव्यामधली हे जसे कळत नाही, तसेच हे.

उदाहरणे पाहा. नागपूरजवळ टाकळी येथील थरांचे जीवाश्म हिस्लॉप आणि हंटर या दोघा मिशनऱ्यांनी गोळा केले आणि १८५५ मध्ये त्यावर निबंध प्रसिद्ध केला. छिंदवाडा जिल्ह्यातील मोहगावकलां येथील वनस्पतींचे जीवाश्म बिरबल साहनींनी अभ्यासले. आंध्रातील राजमहेंद्रीजवळचे थर तर समुद्रकाठी साचलेले आहेत, गोड्या पाण्याच्या तळ्यात नव्हे. हे सर्व ‘इंटरट्रॅपियन’. पण त्यांचे वय एक नाही आणि परिसरही एक नाही.

वरळीची कथा याहून बोलकी आहे. येथील इवल्या बेडकाच्या सांगाड्यांचे वर्णन रिचर्ड ओवेन यांनी १८४७ मध्ये ‘राना पुसिला’ या नावाने केले. पुसिला म्हणजे अगदी लहान. पुढे १८५२ मध्ये हेन्री कार्टर या शल्यवैद्याने मुंबई बेटाच्या भूरचनेवर सविस्तर निबंध लिहिला. वरळीला लव्हग्रोव्ह येथे पाण्याच्या निचऱ्यासाठी झालेल्या खोदाईतून वर आलेल्या काळसर शेलमध्ये बेडूक, कासव, सूक्ष्म कवचधारी जीव आणि वनस्पतींचे अवशेष मिळाल्याचे त्यात नोंदले आहे. १९३० मध्ये नोबल यांनी या बेडकाला ‘इंडोबॅट्रॅकस’ ही नवी प्रजाती दिली. आज ज्या परिसरात सांडपाण्याचे उदंचन केंद्र आहे, तेथे एके काळी उथळ तळे होते आणि त्याच्या काठी बेडूक होते, हे एवढ्या पुराव्यांवरून सांगता येते.

या तळ्याचे वय मात्र शब्दातून मिळत नाही. सह्याद्रीतील लाव्हाचा प्रचंड भाग सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी, भूशास्त्रीय मापाने थोड्या अवधीत, म्हणजे दहा लाखांहून कमी वर्षांत बाहेर पडला. मुंबईतील ट्रॅकाइट आणि ऱ्हायोलाइट यांची वये त्यानंतरची, सुमारे ६ ते ६.२५ कोटी वर्षे, अशी निघाली आहेत. आंबोली येथील अशाच थरांतून मिळालेल्या ‘संकुचेमिस’ या कासवाचे वर्णन २००३ मध्ये झाले, तेव्हा ते क्रिटेशस कल्पाच्या अखेरचे मानले गेले. २००५ मधील एका अभ्यासाने मुंबईचे थर त्यानंतरच्या पॅलिओसीन काळातील ठरवले. म्हणजे वरळीच्या बेडकांनी डायनोसॉर पाहिले होते की नाही, एवढा मोठा प्रश्न या वयावर अवलंबून आहे. ‘इंटरट्रॅपियन’ हेच उत्तर समजणाऱ्याच्या मनात तो प्रश्न उभाच राहत नाही.

मग हा शब्द टाकून द्यावा काय? आमचे मत तसे नाही. ‘दख्खन ट्रॅप’ हे सुमारे पाच लाख चौरस किलोमीटर पसरलेल्या लाव्हाप्रदेशाचे विशेषनाम म्हणून राहू द्यावे. सायबेरियातील अशाच प्रदेशालाही जगभर ‘सायबेरियन ट्रॅप’ म्हणतात. खडकाचे नाव म्हणून मात्र ‘ट्रॅप’ वापरू नये. बेसाल्ट असेल तर बेसाल्ट म्हणावे. ‘इंटरट्रॅपियन’साठी ‘लाव्हांमधला थर’ असे सरळ मराठी म्हणावे आणि ‘इन्फ्राट्रॅपियन’साठी ‘लाव्हांखालचा थर’. कोणाला हे शब्द पुरेसे भारदस्त वाटणार नाहीत. पण परिभाषेचे काम भार वाढवणे हे नसून भेद दाखवणे हे आहे. त्याबरोबर प्रत्येक वेळी चार गोष्टी सांगाव्यात : ठिकाण कोणते, खाली कोणता खडक, वर कोणता आणि मधल्या थरात काय सापडले. वय सांगायचे तर ते कशावरून ठरले हेही सांगावे.

हा वाद केवळ शब्दांचा नाही. परळ-लालबागच्या गिरणीच्या जमिनींवर उंच इमारती उभ्या राहिल्या. गिरगाव, वरळी, दादर यांच्या खालून भुयारी मेट्रोचा बोगदा गेला आणि त्याचा शेवटचा टप्पा ऑक्टोबर २०२५ मध्ये सुरू झाला. पाया घेणाऱ्या अभियंत्याला ‘ट्रॅप’ लागला एवढ्याने काहीच कळत नाही. घट्ट बेसाल्टखाली मऊ शेल आहे की राखेपासून बनलेला टफ, यावर त्याची गणिते ठरतात. शेलचा तोच मऊ थर बेडकांचे तळे असू शकतो. शाळेजवळ असे काम निघाले, तर शिक्षकांनी परवानगी घेऊन तेथील भूवेधनाची नोंद विद्यार्थ्यांना दाखवावी. किती मीटरवर कोणता खडक लागला हे त्यात क्रमाने लिहिलेले असते. त्या यादीत दोन लाव्हांच्या मध्ये ‘शेल’ हा शब्द दिसला, की फळ्यावर इंटरट्रॅपियनची व्याख्या लिहिण्याची गरज उरणार नाही.